मग भिंत कशी पडली?

(या भागाचं लेखी रूप. बोलण्यातली वाक्यं वाचायला सोपी जावीत म्हणून थोडी आवरली आहेत, बाकी जसंच्या तसं.)

बोरिवलीहून बोलतेय. मागे पंख्याचा आवाज येत असेल तर सांभाळून घ्या, या उकाड्यात तो बंद करणं शक्य नाही.

आज एका लढाईची गोष्ट. साल १७३९, वसईचा किल्ला. आकाशातून मराठ्यांच्या हवाई गलबतांचा ताफा येतोय. खाली पोर्तुगीजांकडे वेळ मंद करणारं यंत्र आहे, त्यामुळे सुटलेला तोफगोळा हवेतच थबकतो. मग आपल्या सरदाराच्या जहाजावर घटिकायंत्र फिरतं. आख्खी एक घटका, म्हणजे २४ मिनिटं, मागे जाते आणि मघाशी जळून पडलेलं गलबत पुन्हा वर उभं!

भारी आहे ना? मीच लिहिली होती. इंजिनीअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला, परीक्षेच्या आदल्या आठवड्यात. तेव्हा अभ्यास सोडून सगळं सुचतं. वर ठळक अक्षरात ‘कल्पित कथा’ असं लिहिलं, मित्रांच्या ग्रुपवर टाकली आणि विसरून गेले.

काही वर्षांनी ती परत आली. मामाने पाठवली. ‘कल्पित’ शब्द गायब, संवाद गायब, माझं नाव तर गायबच. उरलं एवढंच: वसईच्या लढाईत मराठ्यांनी विमानं वापरली, हे तुम्हाला शाळेत शिकवलं नाही, पुढे पाठवा.

मी लगेच फोन लावला. “मामा, अरे हे मी लिहिलंय.”

“तू? मग खोटं कशाला लिहिलंस?”

“खोटं नाही रे, गोष्ट होती ती.”

“मग तसं सांगायचं ना! मी आपल्या पिंट्याला सांगितलं, त्याने शाळेच्या प्रोजेक्टमध्ये लिहिलं.”

पिंट्या म्हणजे मामाचा नातू, चौथीतला. प्रोजेक्टवर लाल पेनाने भलीमोठी फुली आली होती, आणि वर्गात सगळे हसले होते. मला आधी हसू आलं. मग आलं नाही.

आता हा प्रकार नवा नाही. शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ मध्ये गिरगाव चौपाटीवर विमान उडवलं, असं आपण सगळ्यांनी ऐकलंय. त्याचा भक्कम पुरावा मात्र नाही. ‘वैमानिक शास्त्र’ या ग्रंथाचा हवाला दिला जातो. बंगळुरूच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समधल्या पाच अभ्यासकांनी १९७४ मध्ये तो तपासला. ग्रंथ विसाव्या शतकातला आहे आणि त्यातली विमानं उडूच शकत नाहीत, हा त्यांचा निष्कर्ष. तरी जानेवारी २०१५ मध्ये इथे कलिन्याला सायन्स काँग्रेस भरली, तेव्हा प्राचीन विमानांवरचा निबंध वाचला गेलाच.

मीही माझी गलबतं तपासली. एक घनमीटर हायड्रोजन साधारण एक किलो वजन उचलतो. हजार किलोची एक तोफ वर न्यायची तर हजार घनमीटर वायू हवा, म्हणजे दहा मीटर लांब, रुंद आणि उंच अशी खोली भरून. बरं, हायड्रोजन हा वेगळा वायू आहे हे कॅव्हेंडिशने दाखवलं १७६६ मध्ये आणि माणूस फुग्यातून उडाला १७८३ मध्ये. संपला माझा ताफा!

वेळ मंद होणं मात्र खरं आहे, ते तुमच्या खिशात आहे. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. तो फरक दुरुस्त केला नाही, तर रिक्षावाला तुम्हाला भलतीकडेच शोधत बसेल.

मग काय, कल्पना करायचीच नाही? असं कुठे म्हणतेय! जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ वाचा. इतिहासाचे प्राध्यापक अशा जगात पोचतात, जिथे विश्वासरावांना लागणारी गोळी चुकली आणि मराठे पानिपत जिंकले. तिथे पोचल्यावर ते करतात काय? थेट एशियाटिकच्या ग्रंथालयात जाऊन पुस्तकं उघडतात. नक्की कुठल्या पानावर इतिहास वेगळा झाला, ते शोधतात. म्हणून ती कथा वाचून कोणी खरं पानिपत विसरत नाही, उलट ती एक गोळी कायमची लक्षात राहते. माझ्या कथेत हेच नव्हतं. खरी वसई काय होती, ते मलाच माहीत नव्हतं.

शेवटी एका रविवारी पिंट्याला घेऊन विरार लोकल पकडली. भाईंदर सुटलं, खाडीचा पूल आला, तेव्हा तो खिडकीतून वर आकाशात बघत होता.

“आत्या, विमानं नव्हतीच?”

“नव्हती रे.”

थोडा वेळ गप्प. मग म्हणाला, “मग भिंत कशी पडली?”

मंडळी, हा प्रश्न मला लिहिताना पडलाच नव्हता!

किल्ल्यात त्याला सान सेबास्तियन बुरुजाची गोष्ट सांगितली. चिमाजी अप्पांच्या माणसांनी वरून गोळ्यांचा मारा होत असताना तटाखाली सुरुंग खणले, दारू ठासली, बत्ती दिली. बत्ती लवकर पेटली तर आत असलेला माणूस मेला, उशिरा पेटली तर धावून गेलेले. वेळेशी खेळ म्हणायचं तर तो हा, आणि त्यात घटका मागे फिरवता येत नाही. खिंडार पडलं, मे १७३९ मध्ये पोर्तुगीजांनी किल्ला सोडला. ही मोहीम १७३७ मध्ये साष्टी घेऊन सुरू झाली होती. साष्टी म्हणजे आपलीच बोरिवली, अंधेरी, घाटकोपर, मुलुंड.

ती भिंत पाडणाऱ्या बहुतेकांची नावंही आपल्याकडे नाहीत. आणि मी त्यांचं काम विमानांना देऊन टाकलं होतं.

पिंट्याने घरी येऊन प्रोजेक्ट नव्याने लिहिला. मामाने फोटो काढून फॅमिली ग्रुपवर टाकला. या वेळी खाली नाव होतं, त्याचं.

असं काही तुमच्या ग्रुपवर आलं, तर पुढे पाठवण्याआधी पिंट्याचा प्रश्न विचारा. भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या!