जुना संगणक, जुने खेळ
(मंडळाच्या सभेत केलेल्या भाषणाचा सारांश)



आमच्या पिढीने ज्या यंत्रांत नाणी टाकून व्हिडिओ गेम खेळले, ती यंत्रे बहुतेक भंगारात गेली. खेळ मात्र शिल्लक आहेत आणि घरातल्या जुन्या संगणकावरही ते चालतात.

एका यंत्राची नक्कल दुसऱ्यावर करणाऱ्या प्रोग्रॅमला इम्युलेटर म्हणतात. इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी १९९७ साली ‘मेम’ हा असा इम्युलेटर प्रसिद्ध केला. १९८० च्या ‘पॅक-मॅन’मध्ये झेड-८० प्रोसेसर होता, वेग जेमतेम ३ मेगाहर्ट्झ. आम्ही पदविकेला शिकलेल्या ८०८५ चाच तो भाऊबंद! मग जुन्या संगणकाला असे खेळ कधी कधी जड का जातात? कारण इम्युलेटर हा दुभाषी आहे. मूळ यंत्राच्या एकेका सूचनेसाठी संगणकाला अनेक सूचना पार पाडाव्या लागतात, शिवाय चित्र आणि आवाजाची वेळही सांभाळावी लागते.

नवी आवृत्ती ती चांगली, ही आपली समजूत इथे चालत नाही. मेमचा मूळ हेतू जुन्या यंत्रांची अचूक नोंद ठेवण्याचा आहे. अचूकता वाढली तसा प्रोग्रॅम जड झाला. म्हणून कमी ताकदीच्या संगणकावर किंवा छोट्या रास्पबेरी पायवर ‘मेम २००३’ घ्यावा. तो ०.७८ या जुन्या आवृत्तीवर आधारलेला आहे. खेळाच्या रॉम फायलीही त्याच आवृत्तीच्या हव्यात, नाहीतर खेळ सुरू होत नाही आणि दोष संगणकाला लागतो. ‘स्ट्रीट फायटर २’सारखे खेळ चालतात, नंतरच्या त्रिमितीय खेळांचा हट्ट धरू नये.

रॉमवर कंपन्यांचे हक्क असतात, हेही लक्षात ठेवावे. ‘ग्रिडली’, ‘रॉबी रोटो’ असे काही खेळ मात्र मालकांच्या परवानगीने मेमच्या संकेतस्थळावर मोफत मिळतात. मुलांसाठी तिथूनच सुरुवात करावी.

हा निव्वळ करमणुकीचा विषय नाही. कॅपकॉमच्या सीपीएस-२ बोर्डात खेळ उलगडण्याची किल्ली बॅटरीवर टिकून असे. बॅटरी संपली की बोर्ड मुका. स्वयंसेवकांनी ते कोडे सोडवले, म्हणून ते खेळ वाचले. जपणारे हात नसतील तर चाळीस वर्षांपूर्वीची वस्तूही इतिहासजमा होते.

मंडळाच्या कपाटातले दोन संगणक भंगारात देण्याचे ठरते आहे. त्याआधी ते आठवडाभर आमच्याकडे द्यावेत. मुलांना खेळ मिळेल आणि आतले यंत्र कसे चालते, हेही आम्ही त्यांना दाखवू.

गणपती बाप्पा मोरया!