मेथीचा घोळाणा

बदलापूर स्टेशनाबाहेर पावसाळ्यात भाजीवाल्या मावशींच्या टोपल्यांत टाकळा, भारंगी, कुर्डू दिसू लागतात. भारंगी चवीला चांगलीच कडू. ती उकडून, पाणी पिळून टाकल्याशिवाय कढईत जात नाही. रानभाजी कच्ची खायचा उत्साह नको. ती कशी शिजवायची, हे विकणाऱ्या मावशींनाच विचारावं.

कच्ची खायची कडू भाजी म्हणजे आपली मेथी. खानदेश-मराठवाड्यात तिचा घोळाणा करतात. जुडी कोवळी घ्या, पानं खुडा, देठ टाका. मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी घेऊन पानं बुडवा आणि हातानं वर उचलून काढा. चाळणीत ओतलंत, तर तळाची माती पुन्हा पानांवरच येते! दोन-तीन पाण्यांनंतर पानं फडक्यावर कोरडी करा, मग चिरा.

त्यात बारीक कांदा, दाण्याचं जाडसर कूट, लाल तिखट आणि कच्चं शेंगदाण्याचं तेल. टोमॅटो आवडीप्रमाणे. साखर घालणारे घालोत, मला ती पटत नाही. कूट आणि तेल कडूपणा पुरेसा मवाळ करतात. मीठ आणि लिंबू मात्र ताटं वाढल्यावरच. आधी घातलं की मेथीला पाणी सुटतं, ती मलूल पडते.

हातानं हलकं घोळवा, नाव त्यावरूनच पडलं असावं. सोबत ज्वारीची गरम भाकरी, आणि लगेच बसा जेवायला.