सोलकढीशेजारी नारळ



ज्यू कायदा शिकवण्यात हयात घालवलेल्यांच्या परिषदेचं अलिबागेत काय काम, असं बाजारात मला विचारतात. मी म्हणतो, इस्रायल आळी कुणाच्या गावात आहे? आमचे इथले ज्यू, बेने इस्रायल, शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवत, म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत. ज्यू धर्मकायद्याचा ग्रंथ तालमूद हाताशी नव्हता, शनिवार मात्र पाळला.

कान्होजी आंग्र्यांचं नाव घेतल्याशिवाय इथं स्वागत होत नाही; घेतलं. पण माझा जीव चुंबकीय वेधशाळेत. मुंबईत विजेच्या ट्राम येणार, कुलाबा वेधशाळेतल्या सुया बिथरणार, म्हणून १९०४ मध्ये चुंबकीय नोंदींचं काम आमच्याकडे आलं. सुईजवळ लोखंड चालत नाही. लहानपणी आम्ही कुंपणाबाहेरून खिशातला खिळा तिकडे दाखवायचो. सुई हलली का, ते कुणी कळवलं नाही. न्यायाधीशाजवळही त्याला ओढणारं लोखंड नसावं! हा संबंध ओढूनताणून आहे, असं कार्यवाह म्हणतात. असू दे.

ही परिषद इस्रायली न्यायाधीश मेनाखेम एलोन यांच्या ज्यू कायद्याच्या अध्यापनावर आहे. १९२३ चा जन्म ड्यूसेलडॉर्फचा, अध्यापन जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठात, ज्यू कायद्यावरचा त्रिखंडी ग्रंथ १९७३ चा, १९७७ ते १९९३ इस्रायलच्या सर्वोच्च न्यायालयात. कायद्यात, निवाड्यांत उत्तर सापडलं नाही तर इस्रायलच्या वारशातल्या स्वातंत्र्य, न्याय, समन्याय, शांतता या तत्त्वांकडे वळा, असं इस्रायलच्या १९८० च्या कायद्यानं सांगितलं. एलोन यांच्या मते ती वाट ज्यू कायद्यातून जाते. त्याच न्यायालयातले न्यायाधीश अहरॉन बराक यांना ते तितकंसं पटत नसे. पुढचं विद्वानांनी सांगावं.

मला घोर जेवणाचा. ज्यू आहारनियमांत मटणाबरोबर दूध चालत नाही, मग सोलकढीचं काय? आळीतल्या काकू म्हणाल्या, नारळाचं दूध खुशाल चालतं. पण एका पाहुण्यांनी फोनवर सोळाव्या शतकातल्या क्राकोच्या रब्बी मोशे इस्सरलिस यांचा दंडक ऐकवला : मटणाबरोबर बदामाचं दूध असेल तर शेजारी बदाम ठेवा, बघणाऱ्याचा गैरसमज नको. म्हणून प्रत्येक पातेल्याशेजारी नारळाची वाटी दिसेल. कृपया ती उचलू नये.

नारळ, तांदूळ, मांडव, पिशवीतली पांढऱ्या कांद्याची माळ, सगळं गावानं दिलं. नावं घेत नाही. एक सुटलं तर उद्या बाजारात तोंड दाखवायचंय मला. खोल्यांत डास आहेत, माइक मधेच रुसतो, दोन पाहुण्यांना एकच गादी आली, क्षमा असावी. उद्या समोरच्या समुद्रातल्या किल्ल्यात ओहोटीला चालत जायचं आहे. वेळ फलकावर आहे. भरतीत अडकलात तर तिथल्या चहाची सोय समितीकडे नाही.