उशिराचे अपील आणि चालू शिक्षा



शिक्षा सुनावली की माणूस तुरुंगात जातो, आणि त्याच दिवसापासून अपिलाची मुदतही धावू लागते. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे उच्च न्यायालयाकडे साधारणतः ६० दिवसांत, इतर न्यायालयांकडे ३० दिवसांत अपील करावे लागते. मुदत टळली तरी पुरेसे कारण दाखविल्यास न्यायालय विलंब माफ करू शकते.

मेख पुढेच आहे. शिक्षा तहकूब करण्याचा अधिकार पूर्वी १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ३८९ व्या कलमात होता; १ जुलै २०२४ पासून तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या ४३० व्या कलमात आला. अट तीच, अपील प्रलंबित हवे. विलंब माफ होईतो अपील दाराबाहेरच, आणि कैदी मात्र आत!

आणि मुदत टळते कोणाची? ज्याला निकालाची भाषा कळत नाही, वकिलाला द्यावयास पैसा नाही, त्याची. तुरुंगाधिकाऱ्यामार्फतही अपील करता येते, हे आपणांपैकी तरी कितीजणांस ठाऊक आहे?

१९७७ साली काश्मिरा सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, अपील लवकर ऐकता येत नसेल, तर सबळ कारणावाचून जामीन नाकारू नये. पुढे निर्दोष ठरलेल्याची वर्षे परत कोण देणार?

तहकुबी म्हणजे माफी नव्हे. अपील फेटाळले तर शिक्षा भोगावीच लागते, बाहेर काढलेले दिवस तीत धरले जात नाहीत. म्हणून आमचे म्हणणे एवढेच की, कैद्याचा विलंबमाफीचा अर्ज सर्वांआधी ऐकावा.