संमेलनातील भोजन : चवळी-वांग्याचे भरीत

(केंद्रस्तरीय शिक्षक मेळाव्यात केलेले भाषण)



आजच्या भाषणाचा विषय ऐकून आपणांपैकी काहींस नवल वाटले असेल. शिक्षकांच्या मेळाव्यात अध्यापनपद्धती, पटनोंदणी, गळती अशा विषयांवर बोलावे, अशी रीत आहे. तेथे कडधान्य घोटून केलेल्या भरिताचे काय प्रयोजन? परंतु आपल्या शाळेत वर्षातून कितीतरी प्रसंगी माणसे जमतात. पालकसभा होते, माता-पालकांचा मेळावा होतो, प्रजासत्ताक दिन येतो, स्नेहसंमेलन भरते. धडगाव-अक्कलकुव्याच्या डोंगरात तर एका पाड्यावरून दुसऱ्या पाड्यावरील शाळेत यावयास घाट चढावा-उतरावा लागतो. कडेवर मूल घेऊन आलेल्या मातेपुढे आपण काय ठेवतो? बहुधा कपभर चहा व दोन बिस्किटे; फार तर बाजारातील फरसाणाची पुडी. दुपार होते, पोटात भूक उभी राहते आणि सभा अर्धी रिकामी होते. पोषणाविषयीचे आपले व्याख्यान ज्यांनी ऐकावयाचे, तीच मंडळी उपाशी घरी जातात. ह्याहून मोठी विसंगती कोणती?

भोजन द्यावे तर खर्च झेपत नाही, अशी अडचण सांगितली जाते. ती खोटी नाही. परंतु ती पंचपक्वान्नांच्या बाबतीत खरी आहे. कडधान्य, भाजी आणि भाकरी ह्यांच्या बाबतीत नाही. सर्वांस पुरेल, सर्वांस रुचेल, पचेल आणि गावातच मिळणाऱ्या जिनसांतून होईल असा एक पदार्थ आज मी आपणांपुढे ठेवतो.

भरीत हा खानदेशाचा जुना मानाचा पदार्थ. जळगावच्या भरिताच्या वांग्यास भौगोलिक मानांकन मिळालेले आहे, हे आपण जाणताच. तुरीच्या वा कापसाच्या वाळलेल्या काड्यांवर वांगी भाजावी, सोलून लाकडी भांड्यात ठेचावी आणि कांद्याच्या पातीसह भाकरीशी खावी, ही रीत तापीकाठच्या प्रत्येक गावास ठाऊक आहे. मात्र नुसत्या वांग्यात प्रथिने नाहीत म्हटले तरी चालेल. त्याच भरितात शिजवून घोटलेली चवळी मिसळली की त्याचे रूप पालटते. चव तीच राहते, परंतु पदार्थ दाट होतो आणि पोटास आधार देतो. कडधान्य घोटून ते भाकरीसारख्या पदार्थाशी लावून खाण्याची ही युक्ती केवळ आपलीच नाही. अरब देशांत काबुली हरभरा वाटून त्यात तीळ व लिंबू घालतात, इजिप्तमध्ये बाकल्याचे दाणे रात्रभर मंद शिजवून घोटतात, मेक्सिकोत राजम्याच्या जातीचे दाणे घोटून मक्याच्या पोळीशी खातात. गरिबाच्या घरी जे शहाणपण उपजते, ते सर्व देशांत सारखेच असते.

आता प्रमाण सांगतो. ५० माणसांसाठी सुकी चवळी सव्वा किलो, भरिताची वांगी २ किलो, पातीसह कांदे अर्धा किलो, भाजलेल्या शेंगदाण्यांचा जाडसर कूट पाव किलो, लसूण १०० ग्रॅम, हिरव्या मिरच्या १०० ग्रॅम, तेल १५० ग्रॅम, लिंबे ५, कोथिंबिरीच्या २ जुड्या आणि बेताचे मीठ, एवढे साहित्य घ्यावे. मिरची हे नंदुरबारचे भूषण असले, तरी पंगतीत लहान मुले असतात हे विसरू नये. ज्यांस तिखट हवे त्यांच्यासाठी ठेचा वेगळा ठेवावा.

चवळी निवडून, धुऊन रात्री भिजत घालावी. उन्हाळ्यात पाणी लवकर आंबते, म्हणून तेव्हा पाच-सहा तास पुरेत. सकाळी भिजवणीचे पाणी टाकून द्यावे. त्यामुळे पोटात वात धरण्याचे प्रमाण कमी होते. नव्या पाण्यात चवळी शिजत ठेवावी आणि दाणा बोटांत सहज चुरडेल इतकी मऊ होऊ द्यावी. ती लवकर शिजावी म्हणून कित्येक जण सोडा घालतात. तो घालू नये, कारण त्याने ब-१ जीवनसत्त्वाचा नाश होतो. लिंबू, चिंच वा आमचूर आधी घालू नये. आंबट पडले की दाणा टणक राहतो.

इकडे वांग्यांस तेलाचा हात लावून व सुरीने टोचे देऊन ती निखाऱ्यांवर वा काड्यांच्या जाळावर सर्व बाजूंनी भाजावी. साल सुटू लागली की ती काढावी व आतील गर कीड पाहून घ्यावा. लसूण व मिरच्या तेलावर परतून, मीठ घालून ठेचाव्या. शिजलेली चवळी थोड्या पाण्यासह रवीने वा पळीच्या पाठीने घोटावी. काही दाणे अखंड राहिले तरी हरकत नाही. तीत वांग्याचा गर, ठेचा व कूट मिसळून सर्व जिन्नस पुन्हा चुलीवर ठेवून चांगली वाफ आणावी. उतरवल्यावर चिरलेली पात, कोथिंबीर व लिंबाचा रस घालावा. भाकरीच्या तुकड्याने उचलता येईल इतके ते दाट असावे. लिंबू घातलेले भरीत कल्हई उडालेल्या पितळी वा तांब्याच्या भांड्यात कदापि ठेवू नये.

हे साधारण सव्वापाच किलो भरीत होते. म्हणजे प्रत्येकाच्या वाट्यास १०० ग्रॅम. आता त्यातील अंकगणित पाहा. प्रत्येकास कडधान्य २५ ग्रॅम व भाजी ५० ग्रॅम मिळाली. शालेय पोषण आहारात प्राथमिक वर्गाच्या मुलास डाळ वा कडधान्य २० ग्रॅम, भाज्या ५० ग्रॅम व धान्य १०० ग्रॅम मिळावे, असे प्रमाण आहे. एकूण आहारातून ४५० उष्मांक व १२ ग्रॅम प्रथिने अपेक्षित आहेत. आपल्या भरिताच्या एका वाढणीत चवळी व शेंगदाणे मिळून सहा ते सात ग्रॅम प्रथिने येतात. म्हणजे अर्धा भार भरितानेच उचलला. उरलेल्याचा बराच वाटा ज्वारीची वा बाजरीची भाकरी उचलते. शिवाय तृणधान्यात लायसिन नावाचा घटक कमी असतो, तो कडधान्यात भरपूर आहे. कडधान्यात मेथिओनिन कमी, ते धान्यात पुरेसे आहे. दोन्ही एकत्र खाल्ली की एकाचे उणे दुसरे भरून काढते. लिंबातील क जीवनसत्त्वामुळे कडधान्यातील लोह शरीरास अधिक मिळते. ज्या जिल्ह्यात मुली व माता ह्यांच्या रक्तक्षयाची चिंता आपणां सर्वांस आहे, तेथे लिंबाच्या चार थेंबांचे मोल मोठे आहे. मात्र आहार हा औषधोपचाराच्या जागी नसतो. सिकलसेलच्या रुग्णांनी लोहाच्या गोळ्या वैद्यकीय सल्ल्याशिवाय घेऊ नयेत, हेही सभेत स्पष्ट सांगावे.

खर्चाचा आकडा मी मुद्दाम सांगत नाही. भाव आठवड्यास पालटतात आणि नवापूरचा बाजार निराळा, शहाद्याचा निराळा. हा हिशेब चौथी-पाचवीच्या मुलांकडून करवून घ्यावा. मुलांनी आठवडी बाजारातून भाव आणावे, फळ्यावर मांडावे, एकूण खर्चास ५० ने भागावे आणि येणारा आकडा एका फरसाणाच्या पुडीच्या किमतीशी ताडून पाहावा. गणिताचा असा पाठ सहसा विसरला जात नाही.

ऋतूनुसार व परिसरानुसार फेरफार करावयास पूर्ण वाव आहे. नवापूर भागात, जेथील तूरडाळीस भौगोलिक मानांकन लाभले आहे, हिवाळ्यात तुरीचे ओले दाणे वापरावे. सातपुड्यात उडीद वापरावा. वांगी महाग झाली तर लाल भोपळा भाजून घ्यावा. शेवग्याचा कोवळा पाला वाफवून मिसळावा. लिंबू नसेल तर अक्राणीच्या डोंगरात घरोघर वाळवले जाणारे आमचूर आहेच. मात्र क जीवनसत्त्वासाठी ताजे लिंबू अधिक चांगले. राजमा वापरणार असाल तर एक सावधगिरी अवश्य बाळगावी. अर्धकच्चा राजमा विषारी असतो व त्याने उलट्या-जुलाब होतात; तो रात्रभर भिजवून, ते पाणी टाकून, प्रथम किमान दहा मिनिटे खळखळ उकळावा आणि नंतर पूर्ण मऊ होईतो शिजवावा. नुसत्या मंद आचेवर ठेवून भागत नाही.

मोठ्या प्रमाणावर अन्न शिजवताना स्वच्छतेत कसूर झाली तर पुण्य राहो बाजूस, पाप पदरी पडेल. घोटलेले कडधान्य लवकर विटते. म्हणून ते सकाळीच करावे, झाकून गरम ठेवावे आणि दोन तासांच्या आत वाढून संपवावे. वैशाखाच्या उन्हात तर तासाच्या आत. उरलेले दुसऱ्या दिवशी मुलांस देऊ नये. शालेय आहाराप्रमाणे येथेही आधी शिक्षक व मोठ्या माणसांनी चव घ्यावी, मगच पंगतीत वाढावे. कोणा मुलास शेंगदाणा बाधत असेल तर पालकांस आधी विचारून त्याच्यापुरते वेगळे काढावे.

पदार्थाची गोष्ट येथे संपली. परंतु ज्यासाठी मी हा विषय घेतला, ती गोष्ट अजून राहिली आहे. आपल्या वर्गातील कित्येक मुले आपला डबा झाकणाआड धरून खातात. शेजाऱ्याकडे बाजारातील रंगीत पुडी असते आणि ह्याच्याकडे भाकरी व उडदाचे घोटलेले कालवण असते. आईने पहाटे उठून केलेले अन्न हीन आहे, असा समज त्या बालमनात नकळत रुजतो. अन्नाची लाज वाटू लागली की घराची वाटते, घराची वाटू लागली की बोलीची वाटते; आणि पावरी, मावची, भिलोरी वा अहिराणी बोलणारे मूल वर्गात मुके होऊन बसते. ह्या मौनाचे मूळ आपण पुष्कळदा बुद्धिमांद्यात शोधतो. तेच अन्न जेव्हा शाळेच्या संमेलनात, पाहुण्यांच्या पंक्तीत, सरपंच व गुरुजी ह्यांच्या पानात पडते, तेव्हा त्या मुलास जे कळते ते दहा व्याख्यानांनी कळणार नाही.

म्हणून माझी विनंती एवढीच आहे. हे भरीत शाळेने 'शिकवू' नये. गावातील मातांकडून शिकून घ्यावे. माझ्या प्रमाणात त्या जो बदल सुचवतील तो आदराने स्वीकारावा. पाककृती सांगताना त्या आपल्या बोलीत जे शब्द वापरतील, ते मुलांनी वहीत उतरून घ्यावे; धान्यांची, भांड्यांची, चवींची ती नावे हे आपल्या भाषापाठाचे धन होईल. भाकऱ्या घरोघरून दोन-दोन आल्या तर भार कोणावरही पडणार नाही, आणि सर्वांच्या भाकऱ्या एका टोपलीत मिसळल्या म्हणजे कोणती कोणाच्या घरची हे कोणी विचारणार नाही. संयुक्त राष्ट्रांनी १० फेब्रुवारी हा जागतिक कडधान्य दिन ठरवला असून २०१९ पासून तो पाळला जातो. त्या सुमारास आपल्याकडे तूर घरात आलेली असते, वांगी स्वस्त असतात आणि अन्न विटवणारा उन्हाळा अजून दूर असतो. प्रत्येक शाळेने ह्या दिवशी एक पालकसभा घ्यावी व सभेनंतर सर्वांनी एका पंगतीस बसावे.

सव्वा किलो चवळीत ५० माणसे तृप्त होतात, हे आपण हिशेबाने पाहिले. त्या ५० जणांत एखादे मूल दुसऱ्या दिवशी आपला डबा उघडा ठेवून जेवले, तर शाळेचे श्रम फळास आले असे मी समजेन.