चाळणी आणि निदान
(संस्थेच्या वार्षिक सभेत प्रसूती व स्त्रीरोग विभागाच्या वतीने केलेल्या भाषणाचा मजकूर)



दरवर्षी या सभेत आमच्या विभागातर्फे प्रसूतींची संख्या, शस्त्रक्रियांचा आढावा आणि नव्या उपकरणांची यादी आपणांपुढे ठेवली जाते. ते आकडे याच अहवालात अन्यत्र छापलेले आहेत. त्यांची पुनरुक्ती न करता, गर्भातील बाळाच्या व्यंगांसाठी केल्या जाणाऱ्या तपासण्यांविषयी आणि त्यांभोवती दाटलेल्या भीतीविषयी बोलण्याची परवानगी आम्ही अध्यक्षांकडे मागितली, आणि त्यांनी ती आनंदाने दिली.

एक प्रसंग सांगून आरंभ करतो. सोळा-सतरा आठवड्यांची गर्भवती आणि तिचे यजमान आमच्या बाह्यरुग्ण विभागात आले. यजमानांनी रक्ततपासणीचा लिफाफा टेबलावर ठेवला आणि विचारले, "डॉक्टर, केव्हा दाखल करू हिला?" पुढील तपासणीसाठी विचारीत असावेत असे आम्हांस वाटले. ते गर्भपाताविषयी विचारीत होते. अहवालात डाऊन सिंड्रोमची शक्यता १:१८० अशी नोंदलेली होती आणि तिच्याखाली लाल अक्षरांत 'अधिक जोखीम' असे छापले होते. रात्रभर घरात चर्चा होऊन निर्णय झालेला होता. त्या बाईंनी तोवर तोंड उघडले नव्हते. त्यांनी एवढेच विचारले, "बाळात नक्की काय खराब आहे?"

या प्रश्नाचे उत्तर असे की, त्या अहवालात बाळाविषयी काहीच नव्हते. तो आकडा एवढेच सांगत होता की, असा अहवाल आलेल्या १८० स्त्रियांपैकी एकीच्या बाळाला तो विकार असेल आणि १७९ जणींच्या बाळांना नसेल. हे त्यांना कोणीही सांगितले नव्हते. आणि येथे एक कबुली देणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो. तो अहवाल आमच्याच प्रयोगशाळेचा होता आणि तो लिफाफा आमच्याच खिडकीतून, एका शब्दाचेही स्पष्टीकरण न देता, त्यांच्या हाती ठेवला गेला होता.

आपल्या घरांत गहू आधी चाळतात आणि मग सुपात घेऊन हाताने निवडतात. चाळणीत वर राहिलेला प्रत्येक कण खडा नसतो, आणि खाली पडलेल्या धान्यातही एखादा खडा निसटतोच. गर्भावस्थेतील तपासण्यांचे नेमके असेच दोन वर्ग आहेत. अकरा ते चौदा आठवड्यांच्या दरम्यान सोनोग्राफीत बाळाच्या मानेमागील द्रवाची जाडी मोजतात आणि आईच्या रक्ताची 'डबल मार्कर' तपासणी करतात. उशीर झाला असल्यास पंधराव्या आठवड्यानंतर 'क्वाड्रपल मार्कर' करतात. ही चाळणी. पहिल्या तिमाहीतील सोनोग्राफी व रक्ततपासणी एकत्र घेतली तर डाऊन सिंड्रोमच्या दहा गर्भांपैकी सुमारे नऊ तिच्यात सापडतात, दहावा निसटतो. मात्र त्यासाठी हजार स्त्रियांमागे जवळजवळ पन्नास जणींना 'अधिक जोखीम' हा शिक्का बसतो आणि त्या पन्नासांत प्रत्यक्ष विकार असलेली बाळे एक किंवा दोनच असतात. उरलेल्या अठ्ठेचाळीस कुटुंबांनी ज्या रात्री जागून काढल्या, त्यांची नोंद कोणत्याही अहवालात होत नाही.

हाँगकाँगचे डॉक्टर डेनिस लो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ साली, आईच्या रक्तात बाळाचे डीएनए तरंगत असते, हे दाखवून दिले. त्यातून निघालेली 'एनआयपीटी' ही तपासणी डाऊन सिंड्रोमसाठी फार अचूक आहे. परंतु तीही चाळणीच आहे, बारीक जाळीची एवढेच. आणि तिचा खर्च अनेक कुटुंबांच्या महिन्याच्या कमाईइतका आहे.

निदान म्हणजे बाळाच्या स्वतःच्या पेशी तपासणे. अकराव्या आठवड्यानंतर वारेचा सूक्ष्म अंश घेऊन किंवा पंधराव्या आठवड्यानंतर गर्भजल काढून ते करता येते. अनुभवी हातांनी ही क्रिया झाली तर तिच्यामुळे गर्भपात होण्याचा धोका दोनशेत एकाहूनही कमी असतो. गुणसूत्रांची संपूर्ण तपासणी होण्यास दोन ते तीन आठवडे लागतात. मोजक्या गुणसूत्रांचा प्राथमिक निष्कर्ष काही दिवसांत मिळू शकतो.

'गर्भजल' हा शब्द उच्चारताच आमच्याकडील अनेक सासूबाई दचकतात. त्यांचा दोष नाही. ज्या तपासणीचा जन्म विकार ओळखण्यासाठी झाला, तिचा आपल्या राज्यात मुलींना जन्मापूर्वीच संपविण्यासाठी वापर झाला. महाराष्ट्राने १९८८ साली देशात सर्वप्रथम त्याविरुद्ध कायदा केला. केंद्राचा कायदा १९९४ साली आला आणि २००३ साली तो अधिक कडक झाला. तरीही २००१ च्या जनगणनेत सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे राज्यात ९१३ मुली होत्या, त्या २०११ मध्ये ८९४ झाल्या. गर्भवतीच्या प्रत्येक सोनोग्राफीसाठी आम्ही जो 'एफ' फॉर्म भरून घेतो, तो याच कायद्यापोटी. रांगेत तिष्ठणाऱ्या नातेवाइकांनी त्यासाठी आमच्यावर रागवावे, आमची हरकत नाही. तपासणीच्या खोलीत बाळाचे हृदय दिसते, कणा दिसतो, ओठ दिसतात; लिंग विचारू नये आणि आम्ही सांगणार नाही.

थॅलसेमियाच्या बाबतीत मात्र चाळणी याहून पुष्कळ आधी, खरे तर विवाहापूर्वीच लावता येते. सिंधी, पंजाबी, लोहाणा, कच्छी भानुशाली अशा काही समाजांत या दोषाचे वाहक अधिक आढळतात; नंदुरबार-धुळ्यापासून गडचिरोलीपर्यंतच्या आदिवासी भागांत सिकलसेलचे. आईवडील दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गर्भारपणात आजारी मूल होण्याची शक्यता चारात एक असते. वाहक स्वतः धडधाकट असतो, म्हणून त्याला तपासणीची गरजच वाटत नाही. आते-मामे भावंडांत विवाह झालेल्या जोडप्यांनीही ही माहिती पहिल्याच भेटीत, न संकोचता आम्हांस द्यावी.

आता काळाविषयी. अठरा ते वीस आठवड्यांच्या दरम्यान बाळाच्या अवयवांची सविस्तर सोनोग्राफी होते, आणि पुष्कळ गंभीर व्यंगे त्याच वेळी प्रथम दिसतात. १९७१ च्या वैद्यकीय गर्भपात कायद्याची मर्यादा वीस आठवड्यांचीच होती. म्हणजे निदान हाती येईपर्यंत दार बंद झालेले असे. २००८ साली मुंबईतील एका दांपत्याने, गर्भाच्या हृदयातील दोष उशिरा कळल्यामुळे, उच्च न्यायालयाचे दार ठोठावले होते. त्यांना परवानगी मिळाली नाही. त्या खटल्याने सुरू झालेल्या चर्चेनंतर तेरा वर्षांनी, २०२१ साली, कायद्यात दुरुस्ती झाली. गर्भात गंभीर व्यंग असल्यास दोन डॉक्टरांच्या मताने चोवीस आठवड्यांपर्यंत, आणि त्यानंतर शासनाने नेमलेल्या वैद्यकीय मंडळाच्या निर्णयाने, गर्भपात करता येतो. तरीही आमचे सांगणे हेच की, नावनोंदणी तिसऱ्या महिन्याच्या आत करावी. आमच्याकडे पाचव्या-सहाव्या महिन्यात प्रथमच येणाऱ्या भगिनी अजूनही थोड्या नाहीत. माहेरी जाऊन आल्यावर, सण झाल्यावर, पैशांची सोय झाल्यावर येऊ, असे म्हणता म्हणता हे आठवडे निघून जातात.

निदान म्हणजे गर्भपात, हा समजही आम्हांला दूर करावयाचा आहे. गेल्या काही काळात आमच्याकडे एका बाळाच्या हृदयातील मुख्य रक्तवाहिन्यांची अदलाबदल सोनोग्राफीत दिसली. आईवडिलांनी गर्भ वाढविण्याचे ठरविले. हृदयशस्त्रक्रियेची सोय असलेल्या मोठ्या रुग्णालयात प्रसूतीची व्यवस्था केली आणि जन्मानंतरच्या पहिल्याच दिवसांत शस्त्रक्रिया झाली. हेच बाळ आमच्याकडे अकस्मात जन्मले असते, तर ते निळे का पडते आहे हे उमगण्यातच मोलाचे तास गेले असते. दुसऱ्या एका कुटुंबात बाळाची कवटीच तयार झालेली नव्हती. असे बाळ जगत नाही. त्या दांपत्याने गर्भपाताचा निर्णय घेतला; पुढच्या खेपेस गर्भधारणेपूर्वीपासूनच मोठ्या मात्रेत फॉलिक ॲसिड घेण्याचा सल्ला आम्ही त्यांना दिला. १९९१ साली प्रसिद्ध झालेल्या ब्रिटनमधील संशोधनाने, मज्जारज्जूच्या अशा दोषांची पुनरावृत्ती या साध्या, स्वस्त गोळीने सुमारे सत्तर टक्क्यांनी टळते, हे सिद्ध केलेले आहे. तिसऱ्या घरात डाऊन सिंड्रोमचे निश्चित निदान होऊनही मूल वाढवायचे ठरले, आणि ते आज लसीकरणासाठी आजीच्या कडेवर बसून आमच्याकडे येते. तिन्ही निर्णय त्या त्या कुटुंबाचे होते. आमचे काम त्यांना खरी माहिती वेळेत देण्याचे, आणि नंतर त्यांच्या पाठीशी उभे राहण्याचे.

आरंभी सांगितलेल्या दांपत्याशी आम्ही त्या दिवशी पाऊण तास बोललो. बाहेर रांग खोळंबली आणि त्याबद्दल आम्हांला बोलणीही खावी लागली. त्यांनी गर्भजल तपासणी करून घेतली. गुणसूत्रे निर्दोष निघाली. ते बाळ आता रांगते आहे. परंतु तो पाऊण तास आमच्याकडे रोज नसतो. बाह्यरुग्ण विभागात एका गर्भवतीच्या वाट्याला जी मिनिटे येतात, त्यांत रक्तदाब, वजन आणि औषधे एवढेच आटोपते.

म्हणून विश्वस्त मंडळापुढे आणि देणगीदारांपुढे आमची विनंती या वर्षी थोडी निराळी आहे. आपण दिलेली सोनोग्राफीची यंत्रे उत्तम चालत आहेत आणि त्यांवरील आपल्या आईवडिलांच्या नावांच्या पाट्या आम्ही रोज पाहतो. या वेळी आम्ही यंत्र मागत नाही. आम्हांला एक पूर्णवेळ, प्रशिक्षित समुपदेशक हवी आहे, आणि ज्यांना निदानाच्या तपासणीचा खर्च झेपत नाही अशा भगिनींसाठी एक राखीव निधी हवा आहे. समुपदेशिकेच्या वेतनावर पाटी लावता येत नाही, याची आम्हांस कल्पना आहे. सोनोग्राफी विभागालगत जुन्या नोंदवह्यांची एक खोली आहे. ती रिकामी करण्यास प्रशासनाने होकार दिला आहे. तोवर, तपासणीचा कोणताही 'अधिक जोखीम' अहवाल खिडकीतून द्यायचा नाही, तो डॉक्टरांनीच समोर बसवून द्यायचा, असा नियम आम्ही आमच्यापुरता केला आहे आणि तो पाळला जात आहे.