एका घरात दोन बासऱ्या



गेल्या जूनच्या सुट्टीत आमच्या फ्लॅटमध्ये तीन आठवडे दोन बासऱ्या नांदत होत्या. एक पुण्याहून आलेल्या माझ्या बाबांची, बांबूची. दुसरी शाळेच्या बँडमधल्या माझ्या मुलीची, चंदेरी, बटणांची. नांदत होत्या म्हणतो खरा, पण पहिल्याच संध्याकाळी बिनसलं. आजोबा म्हणाले, "चल बाळा, मिळून भूप वाजवू." पाच मिनिटांत दोघंही गप्प.

अडचण साधी होती. बाबांची बासरी पांढरी तीनची, म्हणजे तिचा षड्ज ई. त्या षड्जावर भूप धरला तर पाचांतले तीन सूर काळ्या पट्ट्यांवर येतात, एफ शार्प, जी शार्प, सी शार्प. शाळेच्या बँडमधली पोरं मात्र बी फ्लॅट आणि ई फ्लॅटमध्ये वाढतात. तिची बोटं वळेनात. बाबांना सरकता येईना, कारण बांबूला भोकं पाडली तेव्हाच षड्ज ठरला. "तुझ्या वाद्यात मींडच नाही," ते म्हणाले. "आजोबा एकाच सुरावर बसून राहतात," ती म्हणाली, आणि दुसऱ्या दिवसापासून खोलीचं दार लावून रियाज करू लागली. बाबांनी बासरी पिशवीत घातली. तीन आठवड्यांसाठी आलेला माणूस, मला फार लागलं ते.

मला स्वतःला एक्सेलपलीकडे काही वाजवता येत नाही. म्हणून मी दोन रेकॉर्ड लावल्या.

पहिली 'फ्लूट सूफ्ले', 1957 ची. अमेरिकेचा हर्बी मान आणि बेल्जियमचा बॉबी जॅस्पर, दोघंही फ्लूट वाजवणारे, दोघंही सॅक्सोफोनही वाजवणारे. मुलगी खूश. बाबा म्हणाले, "ठीक आहे." म्हणजे ठीक नव्हतं.

दुसरी 'मेकिंग म्युझिक'. डिसेंबर 1986 मध्ये ऑस्लोत ध्वनिमुद्रित झाली, 1987 मध्ये आली. झाकीरभाईंचा तबला, हरिप्रसादजींची बासरी, जॉन मॅक्लॉफ्लिनची गिटार आणि नॉर्वेच्या यान गार्बारेकचा सॅक्सोफोन. इथे दुसरी बासरी नाही, पण पेच आमच्याच घरातला: एका फुंकवाद्याला उघडी भोकं, दुसऱ्याला बटणं. पियानो नाही, बास नाही, ड्रम नाहीत. दर चार मात्रांनी पायाखालचे कॉर्ड बदलणारं कुणी नसलं की षड्जाला उभं राहायला जागा मिळते. माझ्या मते या रेकॉर्डचं अर्धं यश त्या न घेतलेल्या वाद्यांत आहे. गार्बारेक मींडेची नक्कल करायला जात नाही, लांब सूर धरतो. बाबा सावरून बसले. "हा थांबतो कुठे ते ऐक," नातीला म्हणाले.

त्या रात्री तिने फक्त सा आणि प धरले, ई आणि बी. बाबा त्यावर वाजवत राहिले. आठवड्याभरात तिची भूपाची पाच बोटं बसली, आणि बाबा तिच्यासाठी चार-चार मात्रा मोजून थांबायला शिकले. अर्थात सूर जुळायला एसी बंद करावा लागला, कारण गार हवेत दोन्ही बासऱ्या उतरतात, पण सारख्या उतरत नाहीत.

बाबा परत जायच्या आदल्या रात्री मी फोनवर अडीच मिनिटं टिपली. तीच आता ऐकवतो. मागे पंख्याचा आवाज येईल, तेवढा चालवून घ्या.